जप्त झालेली द्राक्षं: मालासाठी भांडू नका, पैसा वाचवा

प्रश्न: एका व्यापाऱ्याकडून मी द्राक्षांच्या पाच किलोच्या १,६०० पेट्या घेतल्या, पैसे बँकेतून दिले आणि माल शीतगृहात ठेवला. त्या व्यापाऱ्यानं बागायतदाराचे पैसे बुडवल्याची फिर्याद झाली. पोलिसांनी माझा माल शीतगृहातच जप्त केला. बागायतदारही त्यावर हक्क सांगतोय. माल सुटेल का?

उत्तर: सुटेल. पण तुम्ही मागताय तसा सुटेलच असं नाही. दोघांचा दावा असताना ‘माल माझा, मला द्या’ एवढाच अर्ज टाकलात तर बागायतदाराचं म्हणणं मागवलं जाईल, सरकारी वकील तारीख मागतील आणि तोवर देठ तपकिरी पडून मणीगळ सुरू होईल. शून्य ते एक अंशाला, पेटीत ग्रेप गार्ड (बुरशी रोखणारा गंधकयुक्त कागद) असला तरी, द्राक्षं काही आठवडेच टिकतात. म्हणून मुख्य मागणी विक्रीची करा: माल ताबडतोब विकावा आणि रक्कम निकालाच्या अधीन राहून कोर्टात जमा व्हावी. सुपूर्दनाम्यावर, म्हणजे कोर्टाला हमी लिहून देऊन, ताबा ही पर्यायी मागणी ठेवा. विक्रीला बागायतदार सहसा आडवा येत नाही, कारण माल नासला तर त्याच्याही हाती काही लागत नाही.

गुन्हा १ जुलै २०२४ नंतरचा धरून सांगतो. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ प्रमाणे लवकर नासणारा माल आवश्यक तेवढा पुरावा नोंदवून विकण्याचा आदेश देता येतो. मात्र ते कलम कोर्टासमोर हजर झालेल्या मुद्देमालाचं आहे. तुमचा माल शीतगृहातच आहे आणि पोलिसांनी फक्त जप्तीचा अहवाल दिला असेल, तर ताब्यासाठी ५०३ आणि विक्रीसाठी ५०५ लागतं. विक्री मालकाच्या हिताची वाटली तर न्यायदंडाधिकारी ५०५ खाली ती करू शकतात. अर्जावर तिन्ही कलमं घाला, म्हणजे चुकीच्या कलमावरून अर्ज अडणार नाही. ४९७ मध्ये मुद्देमालाचं विवरण करायला १४ दिवस आणि त्यानंतर विल्हेवाटीच्या आदेशाला ३० दिवस दिलेत. त्या कमाल मुदती आहेत. तेवढं थांबलंच पाहिजे असं कोणी म्हटलं तर ४९७(१) दाखवा, नासणारा माल विकण्याचा अधिकार त्यातच आहे.

अर्जासोबत खरेदीची बिलं, बँकेचा उतारा, वजनकाट्याची पावती, शीतगृहाची पावती आणि तापमानाच्या नोंदी जोडा. सगळ्यात कामाचा कागद म्हणजे माल किती दिवस टिकेल हे सांगणारं कृषी अधिकाऱ्याचं पत्र. ते मिळत नसेल तर शीतगृहाच्या व्यवस्थापकाचं शपथपत्र चालवून पाहा. त्याच दिवसाचा बाजार समितीचा दरही लावा. मालाची किंमत फुगवू नका. ताबा मिळाला तर बंधपत्र त्याच रकमेचं द्यावं लागतं.

तपासी अंमलदार ‘मुद्देमाल पुराव्यासाठी हवा’ असं लिहून देतील, हे ठरलेलंच. सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य (२००२) या निकालात सर्वोच्च न्यायालयानं मुद्देमाल विनाकारण ठाण्यात अडकवून ठेवू नये, पंचनामा आणि छायाचित्रं पुराव्याला वापरावीत, असं सांगितलंय. म्हणून पेट्यांचा पंचांसमक्ष पंचनामा, मोजणी आणि चित्रीकरण आदेशातच मागा.

खरी फसगत आदेशाच्या शब्दांत होते. ‘माल विकावा’ एवढंच आलं तर कोणी, कुठे, कोणत्या दरानं, यावर पुन्हा दोन तारखा जातात. बाजार समितीत जाहीर लिलाव, तपासी अंमलदार हजर, किमान दर, शीतगृहाचं भाडं आणि हमाली वजा करून उरलेली रक्कम किती दिवसांत कोर्टात भरायची आणि ती राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत राहील, हे सगळं विनंतीच्या परिच्छेदात लिहा. पोलीस ठाण्याला आणि शीतगृहाला द्यायचं पत्र त्याच दिवशी मागून घ्या. आदेशाची नुसती नक्कल घेऊन गेलात तर गेटवरचा माणूस पेटी हलवू देणार नाही.

अर्ज नामंजूर झाला तर सत्र न्यायालयात पुनरीक्षण (रिव्हिजन) अर्ज करता येतो. ‘हा अंतरिम आदेश आहे, त्यावर पुनरीक्षण चालत नाही’ हा आक्षेप तिथे येणार, त्याची तयारी ठेवा. आता मात्र अर्जावर ‘तातडीचा’ लिहून उद्याच्या बोर्डावर (कोर्टाच्या कामकाजाच्या यादीत) घ्यायला सांगा.