४.८ स्टारचे चार टूथब्रश हप्त्यांवर घ्यावेत का?

प्रश्न: घरात आम्ही चौघं. मी, मिस्टर, दातांना तारा बसवलेला तेरा वर्षांचा मुलगा आणि सासूबाई. संधिवातामुळे सासूबाईंची बोटं नीट वळत नाहीत. एका कंपनीचा सगळ्यात वरचा इलेक्ट्रिक टूथब्रश चौघांसाठी बारा बिनव्याजी हप्त्यांवर घ्यावा असं मनात आहे. त्याला ४.८ स्टार आहेत आणि जाहिरातीत ‘साध्या ब्रशच्या दुप्पट प्लाक काढतो’ असं लिहिलंय. त्याच कंपनीच्या सगळ्यात खालच्या मॉडेलला ४.३ स्टार, किंमत मात्र वरच्याच्या एक पंचमांश. खालच्याचं बदली हेड, म्हणजे ब्रशचं काढघाल करता येणारं टोक, त्या ब्रशच्या किमतीच्या एक पंचमांशाला मिळतं, वरच्याचं त्याच्या दुप्पट किमतीला. मिस्टर याला उधळपट्टी म्हणतात. मी म्हणते, डेंटिस्टचा खर्च वाचेल, तेव्हा ही गुंतवणूकच आहे. तुम्हाला काय वाटतं?

उत्तर: तुमच्या पत्रात मला सगळ्यात महत्त्वाची वाटली ती सासूबाईंची बोटं. त्यांच्यासाठी इलेक्ट्रिक ब्रश जरूर घ्या, आणि हप्त्यांची वाट न बघता या महिन्यातच घ्या. ज्यांना हात बारीक फिरवणं जमत नाही, त्यांचं निम्मं काम असा ब्रश करतो आणि जाड हँडल धरायलाही सोपं जातं. बाकी तिघांसाठी, आणि त्या वरच्या मॉडेलसाठी, आधी हिशेब करू.

प्लाक म्हणजे दातांवर साचणारा जंतूंचा चिकट थर. ‘दुप्पट प्लाक’ हा आकडा येतो कसा, ते आधी सांगतो. चाचणीला आलेल्या लोकांना बारा किंवा चोवीस तास दात घासू देत नाहीत. मग प्लाकला रंग चढवणारं द्रव्य तोंडात फिरवायला देतात. तपासनीस एकेका दाताला ० ते ५ गुण देतो. ० म्हणजे प्लाक अजिबात नाही. २ म्हणजे हिरडीलगत एक मिलीमीटरपर्यंतची सलग पातळ रेघ, आणि ५ म्हणजे दाताचा दोन तृतीयांश किंवा त्याहून जास्त भाग झाकलेला. ही मोजपट्टी १९६२ साली क्विगली आणि हाइन यांनी आखली, १९७० मध्ये ट्युरेस्की आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ती सुधारली. त्यानंतर लोक दोन मिनिटं दात घासतात आणि पुन्हा गुण दिले जातात. कोणी कोणता ब्रश वापरला हे तपासनिसाला कळू देत नाहीत. घासणाऱ्यापासून मात्र ते लपवता येत नाही. हातात नवा ब्रश आणि आपल्यावर कोणाची तरी नजर, एवढ्यानं माणूस नेहमीपेक्षा नीट घासतो.

म्हणून जाहिरातीतला आकडा दिसला की मी तीन गोष्टी विचारतो. एकदाच घासून मोजलंय की तीन महिने वापरून? तुलना कशाशी केली? आणि दाताच्या कोणत्या भागावर? साधा ब्रश जिथे मुळातच कमी पोचतो, अशा एखाद्या कोपऱ्यात ‘दुप्पट’ निघालं तरी ते थोड्याचं दुप्पट असतं.

सगळ्या चाचण्या एकत्र मांडल्या की चित्र जास्त स्वच्छ दिसतं. वैद्यकीय चाचण्यांचे निकाल एकत्र करून तपासणाऱ्या कोक्रेन या संस्थेच्या २०१४ च्या आढाव्यात ५६ चाचण्या आणि ५,०६८ लोक होते. तीन महिन्यांहून जास्त काळ वापरल्यावर इलेक्ट्रिक ब्रशनं साध्या ब्रशच्या तुलनेत प्लाक २१ टक्के आणि हिरड्यांची सूज ११ टक्के कमी केली. फायदा खरा आहे, मी तो नाकारत नाही. पण हे टक्के मोजपट्टीवरच्या गुणांचे आहेत. दातांच्या आरोग्याला प्रत्यक्षात त्याचा किती उपयोग होतो, हे स्पष्ट नसल्याचं त्याच आढाव्यात म्हटलंय. कीड किती कमी झाली, रूट कॅनाल किती टळले, हे इतक्या थोड्या काळात दिसतही नाही. डेंटिस्टचं बिल अमुक इतकं कमी होईल असं धरून पैसे गुंतवायला हा पुरावा पुरेसा नाही. याला गुंतवणूक म्हणू नका. घरातला उपयोगी खर्च म्हणा आणि त्याच मापानं तोला.

दुसरं म्हणजे हे आकडे मुख्यतः इलेक्ट्रिक विरुद्ध साधा ब्रश या तुलनेचे आहेत. तुमच्यापुढचा प्रश्न त्याच कंपनीच्या वरच्या आणि खालच्या मॉडेलचा आहे. हेड फिरण्याची पद्धत दोन्हींत एकच असेल तर जास्तीचे पैसे बहुतेक ॲप, पडदा, चार-पाच मोड आणि प्रवासाची डबी यांत जातात. कामाच्या गोष्टी दोनच: दोन मिनिटांचा टायमर आणि जोरात दाबलं की इशारा देणारा सेन्सर. सासूबाईंसाठी सेन्सर हवाच. खालच्या मॉडेलमध्ये तो नसेल तर एक पायरी वरचं घ्या, तो जास्तीचा खर्च मला मान्य आहे.

स्टारबद्दल. ४.३ आणि ४.८ यांतला फरक मी जवळजवळ सोडूनच देतो. लोक पहिल्या आठवड्यात, दात गुळगुळीत लागतात त्या आनंदात स्टार देतात. बॅटरी तिसऱ्या वर्षी मरते, तेव्हा परत येऊन कोण लिहितो? माझा स्वतःचा एक महागडा ब्रश हमी संपल्यावर थोड्याच दिवसांत बंद पडला. हँडल सीलबंद, बॅटरी बदलायची सोयच नाही. तेव्हापासून मी स्टारच्या आधी हमी किती वर्षांची ते बघतो.

स्टारपेक्षा ग्राहक संस्थांचं रेटिंग कितीतरी भरवशाचं. १९६४ साली स्थापन झालेली जर्मनीची श्टिफ्टुंग वारेनटेस्ट वस्तू गुपचूप दुकानातून विकत घेऊन तपासते. अमेरिकेची कन्झ्युमर रिपोर्ट्सही वस्तू स्वतः विकत घेते. अमेरिकन डेंटल असोसिएशनच्या शिक्क्याचं तसं नाही. तिथे कंपनी स्वतः अर्ज करते, शुल्क भरते, पुरावे देते आणि तज्ज्ञ ते तपासतात. शिक्का विश्वासाचा आहे, पण तो ‘पुरेसं चांगलं’ एवढंच सांगतो, पहिला-दुसरा नंबर लावत नाही. खोक्यावरचं आयपीएक्स७ तर फक्त पाण्याबद्दल आहे: एक मीटर खोल पाण्यात अर्धा तास बुडालं तरी आत पाणी शिरत नाही. आणि एकूण गुण पाहून थांबू नका. त्यात सफाईला किती वजन दिलंय, हाताळणी आणि टिकाऊपणाला किती, ते बघा. ॲप छान म्हणून वर चढलेला ब्रश तुमच्या उपयोगाचा नाही.

आता पैसे. खालच्या ब्रशची किंमत १० भाग धरू. तुमच्या पत्राप्रमाणे वरचा ५० भाग, हेड अनुक्रमे २ आणि ४ भाग. हेड दर तीन महिन्यांनी बदलायचं, म्हणजे पाच वर्षांत २०, त्यातलं पहिलं ब्रशबरोबर येतं. खालच्याचा एका माणसाचा खर्च १० अधिक ३८, म्हणजे ४८ भाग. वरच्याचा ५० अधिक ७६, म्हणजे १२६. चौघांचे १९२ विरुद्ध ५०४. बॅटरी मध्येच गेली आणि ब्रश पुन्हा घ्यावा लागला, तर नव्याबरोबरचं हेड वजा करून खालच्याला ८ भाग जास्त लागतील, वरच्याला ४६.

यात एक गोष्ट बघा. स्वस्त ब्रशमध्येही पाचातले चार पैसे हेडवर जातात. म्हणून दोघांत एक हँडल वापरून फारसं वाचत नाही: चौघांचे १९२ चे १७६ होतात, बस. घेण्याआधी हेडची किंमत आणि ती सहज मिळतात का, हे बघणं स्टार बघण्यापेक्षा महत्त्वाचं. महाग हेड परवडत नाही म्हणून तेच आठ महिने घासणारी घरं मी पाहिली आहेत. केस वाकलेल्या ब्रशला मग कितीही स्टार असोत.

माझा सल्ला: दोनच घ्या, खालचं किंवा एक पायरी वरचं मॉडेल, एकरकमी. एक सासूबाईंना, एक मुलाला. मुलाच्या तारांभोवती कोणतं हेड चालेल ते त्याच्या डॉक्टरांना विचारून घ्या. तुम्ही आणि मिस्टर साधा ब्रश दोन मिनिटं, दिवसातून दोनदा वापरता आणि हिरड्यांतून रक्त येत नाही, असं असेल तर तुम्हा दोघांचा खर्च आत्ता करू नका. खालचं मॉडेल घेतलंत तर पाच वर्षांत ५०४ ऐवजी ९६ भाग लागतील. उरलेल्यातला काही भाग दातांच्या खर्चासाठी वेगळ्या खात्यात टाका आणि चौघांची तपासणी त्यातून करा. रूट कॅनालची वेळ आलीच, तर ते पैसे हाताशी असतील.

हप्ते बिनव्याजी असले तरी रोख घेतल्यास सूट मिळते का, हे विचारल्याशिवाय सही करू नका. पावती आणि हमीचं कार्ड जपून ठेवा, आणि हमी संपायच्या महिनाभर आधीची तारीख फोनमध्ये टाका. त्या दिवशी ब्रश पूर्ण चार्ज करून किती दिवस चालतो ते बघा. चार्ज फार लवकर उतरत असेल तर हमी असेपर्यंतच तक्रार करा.