साहस करतात, धीर धरतात

एका वाचक ताईंचा प्रश्न आला आहे. आपल्या भाच्यांसाठी त्या राक्षस, जादूगार आणि बोलकी झाडं असलेली एक लांबलचक गोष्ट लिहीत आहेत. गोष्टीतला धाकटा मुलगा हातात साधी काठीही नसताना राक्षसाच्या दारात उभा राहतो आणि जागचा हलत नाही. ताईंनी लिहिलं, ‘त्याचं साहस पाहून राक्षस चपापला.’ त्यांच्या भावाने ‘साहस’ खोडून ‘धैर्य’ केलं. ताईंचं म्हणणं, दोन्ही एकच. शिवाय राक्षसाला ‘दुष्ट’ म्हणावं की ‘वाईट’, हेही त्यांना हवं आहे.

दोन्ही एकच नाहीत, ताई. भावाने बरोबर खोडलं.

हे जरा जोरात सांगतो आहे, कारण गेली काही वर्षं हा घोटाळा सारखा कानावर येतो. डब केलेल्या मालिकांत राजकन्या ‘साहसी’ असते, बक्षीस समारंभात मुलांच्या ‘साहसाचं’ कौतुक होतं, आणि परवा एका श्रद्धांजलीच्या भाषणात ऐकलं, ‘त्यांनी आजारपणाला साहसाने तोंड दिलं.’ आजारपणाला साहसाने कोण तोंड देतं? हिंदीत ‘साहस’चा हा अर्थ रुळलेला आहे आणि हिंदीशी माझं भांडण नाही. पण मराठीत आई मुलाला ‘भलतं साहस करू नकोस’ म्हणते. ‘भलतं धैर्य धरू नकोस’ असं कुठल्याही आईच्या तोंडून निघणार नाही. त्या ‘भलतं’मध्ये सगळं आलं.

शौर्य, वीर्य, पराक्रम यांचे अर्थ कोणत्याही कोशात मिळतील, त्यांत वेळ घालवत नाही. हिंमत अरबीतून आली, तिथे ‘हिम्मा’ म्हणजे संकल्प. तीही बाजूला ठेवू.

आधी क्रियापदं बघा. साहस ‘करतात’. धीर ‘धरतात’, ‘देतात’, धीर ‘होतो’, ‘सुटतो’, ‘खचतो’. साहसं मोजता येतात, ‘त्याने आयुष्यात तीन साहसं केली’ हे वाक्य चालतं. ‘तीन धैर्यं’ म्हणून बघा, जीभच वळत नाही. म्हणजे साहस हे कृत्याचं नाव आहे आणि धीर ही मनाची स्थिती. म्हणूनच धीर दुसऱ्याला देता येतो. साहस देता येत नाही, फार तर त्याला प्रवृत्त करता येतं. एवढं व्याकरण लक्षात घेतलं तरी तुमचं वाक्य सुटतं: तुमच्या मुलाने काहीच ‘केलेलं’ नाही, तो उभा राहिला आहे.

आणि हे कृत्य मुळात कसलं? गुन्ह्याचं! मनुस्मृतीत खटल्यांचे अठरा प्रकार आहेत, त्यांतला एक ‘साहस’. आठव्या अध्यायात त्याची व्याख्या अशी: अन्वयवत् प्रसभं कर्म, म्हणजे मालकाच्या देखत, बळजोरीने केलेलं काम. तेच लपून केलं तर ते ‘स्तेय’, चोरी. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात जवळजवळ हेच शब्द आहेत. दंडाच्या पायऱ्यांनाही हेच नाव मिळालं: मनूच्या हिशेबात प्रथम साहस २५० पण (पण हे तेव्हाचं नाणं), मध्यम ५००, उत्तम १०००. अमरकोश हा जुना संस्कृत शब्दकोश तर सरळ ‘साहसं तु दमो दण्डः’ म्हणतो, म्हणजे साहस हा दंडाचाच पर्याय झाला. नारदस्मृती व्युत्पत्तीही देते: बळाच्या घमेंडीत जे केलं जातं ते साहस, कारण ‘सहो बलमिहोच्यते’, सहस् म्हणजे बळ.

यावर काही जाणकार ठरलेलं वाक्य फेकतात: ‘साहसे श्रीः प्रतिवसति’, साहसात लक्ष्मी राहते. मग हा शब्द वाईट कसा? ही मंडळी वाक्य सांगतात, बोलणारा कोण ते सांगत नाहीत. मृच्छकटिक या संस्कृत नाटकाच्या चौथ्या अंकात शर्विलक हे आपल्या प्रेयसीला, मदनिकेला सांगतो, आणि आदल्या अंकात त्याने चारुदत्ताच्या घराला भोक पाडून वसंतसेनेचे दागिने लांबवलेले आहेत. चोराने स्वतःच्या बचावासाठी काढलेलं वाक्य सुभाषित म्हणून मिरवायचं, हे मला पटत नाही. शिवाय मनूच्या व्याख्येने बघितलं तर ते साहससुद्धा नव्हतं. घरातले झोपेत असताना केलेलं ते स्तेय. शर्विलक आपल्या चोरीला साहसाचा मान देतो आहे! विक्रमादित्याचं ‘साहसांक’ हे बिरुद मात्र खरंच गौरवाचं आहे, ते मी मान्य करतो. राजाच्या बळजोरीला गौरव मिळणं यात मला आश्चर्य वाटत नाही.

आता ज्यासाठी मी लिहायला बसलो तो शब्द: ‘सहसा’.

‘मी सहसा बाहेर जेवत नाही.’ इथे सहसा म्हणजे एरवी, शक्यतो. संस्कृतात मात्र सहसा ही ‘सहस्’ची तृतीया: बळाने, म्हणून एकदम, म्हणून अविचाराने. साहसाचा सख्खा भाऊ. भारवीच्या किरातार्जुनीयात युधिष्ठिर चवताळलेल्या भीमाला सांगतो, ‘सहसा विदधीत न क्रियाम्’, अविचाराने काही करू नये. उतावळेपणाचा शब्द मराठीत नेहमीच्या सवयीचा कसा झाला? माझं उत्तर असं: तो आपल्याकडे नकाराच्या वाक्यांतून आला. ‘सहसा करू नये’ म्हणजे अविचाराने करू नये. ऐकणाऱ्याने ते ‘शक्यतो करू नये’ असं घेतलं. तिथून ‘सहसा करत नाही’, म्हणजे एरवी करत नाही. उपदेश झिजून सवय झाली. खूण आजही शिल्लक आहे: माझ्या कानाला सहसा नकाराशिवाय अवघडलेला वाटतो. ‘तो सहसा येत नाही’ हे घरचं मराठी, ‘तो सहसा सहाला उठतो’ हे भाषांतरासारखं. तिथे ‘बहुतेक वेळा’ म्हणावं किंवा ‘एरवी’. यावर माझ्याशी वाद घालणारे म्हणतात की सहसा हा ‘सामान्यतः’चा साधा पर्याय आहे, नकाराचा संबंध नाही. मग नकाराबरोबर तो इतका गुण्यागोविंदाने का नांदतो, याचं उत्तर त्यांनी द्यावं. मला ते अजून कोणी दिलेलं नाही. मराठी माणूस दिवसातून दहा वेळा, नकळत, साहसाविरुद्धचा युधिष्ठिराचा इशारा उच्चारतो, याचा मला मनापासून आनंद वाटतो.

आणखी एक पायरी खाली उतरू. ऋग्वेदात अग्नी ‘सहसः सूनुः’, बळाचा पुत्र आहे. तिथे सह् धातू जिंकणं, दाबून टाकणं या अर्थाने येतो. धातुपाठात, म्हणजे संस्कृत धातूंच्या जुन्या यादीत, मात्र ‘षह मर्षणे’, सहन करणं. जिंकण्याचा धातू सोसण्याचा झाला. जर्मन भाषेत याच घराण्यातला ‘झीग’ म्हणजे विजय, आणि ग्रीकमध्ये ‘एखो’ म्हणजे धरून ठेवतो. ट्रॉयचा हेक्टर या ‘एखो’मधलाच, हेक्टर म्हणजे धरून ठेवणारा. म्हणजे साहस आणि सहन एकाच आईची लेकरं. एकाने बळ दुसऱ्यावर चालवलं, दुसऱ्याने स्वतःला सावरायला वापरलं. ‘तुका म्हणे तोचि संत । सोसी जगाचे आघात’ यात शब्द वेगळा आहे, पण बळ हे दुसरं. (‘धीर तो कारण । साह्य होतो नारायण’ यातलं ‘साह्य’ मात्र या घरातलं नाही. ते ‘सहाय’वरून आलं, सह अय, बरोबर जाणारा. दोन्ही एकत्र कालवू नयेत.)

अद्भुतकथेत हा भेद किती जुना आहे ते सांगतो. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ लिहिणारा इंग्रज लेखक टोल्कीन हा मुळात शब्दांचा माणूस. १९१९-२० मध्ये तो ऑक्सफर्डच्या मोठ्या कोशासाठी डब्ल्यूने सुरू होणाऱ्या शब्दांवर काम करत होता, पुढे तिथेच जुन्या इंग्रजीचा प्राध्यापक झाला. १९५३ साली त्याने जुन्या इंग्रजीतल्या एका शब्दावर निबंध छापला: ‘ओव्हरमोद’. इ. स. ९९१ मध्ये इंग्लंडच्या पूर्व किनाऱ्यावर माल्डन इथे लढाई झाली. व्हायकिंग खाडीतल्या बेटावर अडकले होते, ओहोटीला उघडी पडणारी एकच चिंचोळी वाट, आणि ती इंग्रज सेनापती बिर्टनोथच्या माणसांनी रोखलेली. व्हायकिंगांनी वाट मागितली आणि बिर्टनोथने दिली. का, तर या लढाईवरच्या जुन्या कवितेचा कवी म्हणतो, ओव्हरमोदामुळे. ‘मोद’ म्हणजे मन, हिय्या. आजचा ‘मूड’ त्याचाच वंशज. ओव्हरमोद म्हणजे मर्यादा सोडून गेलेला हिय्या. टोल्कीनने यात सेनापतीचा दोष पाहिला: त्याच्या मानासाठी माणसं मेली. या अर्थावर नंतर पुष्कळ वाद झाला. कौतुकाचा अर्थ लावणारे आहेत, पण मी टोल्कीनच्या बाजूचा. कारण त्याच कवितेत सेनापती पडल्यावर एक म्हातारा सैनिक म्हणतो, आपलं बळ ओसरेल तसं मन आणखी कठीण झालं पाहिजे, काळीज आणखी तिखट. सेनापतीने केलं ते साहस. म्हातारा बोलतो तो धीर, आणि तो सुरू होतो तोच मुळी ‘सहस्’ संपल्यावर.

ताई, तुमच्या मुलाच्या हातात काठी नाही. त्याच्याजवळ सहस् नाही, मग साहस येणार कुठून?

टोल्कीनच्या १९५४-५५ च्या त्या कादंबरीत दोन्ही शेजारी शेजारी आहेत. शत्रूची जादूची अंगठी आगीत टाकून नष्ट करायला फ्रोडो निघाला आहे, बोरोमिर आणि सॅम हे त्याचे सोबती. बोरोमिर शूर आहे, पण ती अंगठी शस्त्र म्हणून वापरायचा मोह त्याला पडतो आणि तो ती फ्रोडोकडून, त्याच्या समोरच, बळाने हिसकावू बघतो. मालकाच्या देखत, प्रसभ कर्म! कौटिल्याने हा खटला एका क्षणात ‘साहस’ या सदरात घातला असता. सॅम मात्र अखेरच्या चढणीवर फ्रोडोला पाठुंगळी घेतो. त्याआधीही वाटभर तो धीरच देत आला आहे.

आता राक्षस. ‘वाईट’ला मी हात लावत नाही, तो फळालाही चालतो आणि हवेलाही. ‘दुष्ट’ घ्या, आणि तो का ते ऐका. धातुपाठात ‘दुष वैकृत्ये’ असं आहे. वैकृत्य म्हणजे विकृत होणं, बिघडणं. दोष, दूषित, दुष्ट सगळे तिथले. दुष्ट म्हणजे बिघडलेला. म्हणजे तो आधी बिघडलेला नव्हता! टोल्कीनच्या कादंबरीतला शहाणा एलरॉन्ड नेमकं हेच सांगतो: सुरुवातीला काहीच दुष्ट नसतं, तो शत्रू सॉरॉनसुद्धा नव्हता. ज्ञानेश्वरांनीही ‘खळांची व्यंकटी सांडो’ मागितलं, व्यंकटी म्हणजे वाकडेपणा. वाकडं झालेलं सरळ होऊ शकतं, हे त्या मागण्यात गृहीत आहे.

आणि धीर? संस्कृतात धीर दोन आहेत. एक ‘धी’वरून, शहाणा. दुसरा धरून राहणारा, खंबीर. मराठीने दुसरा उचलला. कालिदासाने कुमारसंभवाच्या पहिल्या सर्गात सांगितलं आहे: ‘विकारहेतौ सति विक्रियन्ते येषां न चेतांसि त एव धीराः’. बिघडायला कारण समोर असताना ज्यांची मनं बिघडत नाहीत तेच धीर. विकार, विक्रिया, वैकृत्य: सगळीकडे तेच ‘वि’ आणि तेच ‘कृ’. म्हणजे धीर आणि दुष्ट एकाच परीक्षेला बसलेले असतात. समोर तोच विकारहेतू, एकाचं मन बिघडलं, दुसऱ्याचं नाही. फ्रोडोच्या गळ्यातली अंगठी हा असाच विकारहेतू, आणि अगदी शेवटच्या कड्यावर त्याचंही मन बिघडतं, तो ती टाकायला नकार देतो. माणसाच्या स्वभावाबद्दल टोल्कीनला काय वाटत होतं ते मला तिथे सगळ्यात स्वच्छ दिसतं: धीर सुटू शकतो. मराठीत तर ‘धीर सुटणे’ हा रोजचा वाक्प्रचार आहे. साहस ‘सुटत’ नाही, ते करून मोकळं होता येतं.

तेव्हा लिहा, ‘त्याचा धीर पाहून तो दुष्ट राक्षस चपापला.’ भावाचं ‘धैर्य’ही बरोबरच आहे, पण भाच्यांना वाचून दाखवायचं असेल तर ‘धीर’ घ्या, तो त्यांच्या रोजच्या कानातला आहे. आणि गोष्टीत त्या मुलाच्या मधल्या भावाने तलवार घेऊन एकट्यानेच गुहेत उडी मारली, असं काही पुढे येणार असेल, तर तुमचा खोडलेला ‘साहस’ तिथे वापरा.