कोरियन फिल्म एडिटरच्या वाटेने जायचंय? मग हे ऐक

कुठलं सॉफ्टवेअर घेऊ, हा प्रश्न आधी बाजूला ठेव. कोरियन एडिटर यांग जिन-मो यांनी ‘पॅरासाइट’ हा सिनेमा एडिट केला तो फायनल कट प्रो ७ वर, जे ॲपलने २०११ मध्येच बंद केलं होतं. त्याच कामाला २०२० मध्ये ऑस्करचं नामांकन मिळालं.

कोरियात सेटवर वेगळा एडिटर असतो. शॉट झाला की तो तिथेच जोडून दिग्दर्शकाला दाखवायचा. धावपळीचं, कमी मानाचं काम. पण दिग्दर्शक कुठे अडतो, चांगला वाटणारा टेक (त्याच शॉटचं एकेकदा केलेलं चित्रीकरण) का टाकून देतो, हे रोज डोळ्यांसमोर घडतं. मिळालं तर डोळे झाकून घे. पुसान शहरातल्या कोरियन अकॅडमी ऑफ फिल्म आर्ट्स या फिल्म स्कूलचा विचार नंतर कर. आणि हो, कोरियन भाषा शीक. सबटायटल वाचून संवादाचा श्वास कळत नाही.

यांग एकाच फ्रेममधल्या नटांचे वेगवेगळे टेक बेमालूम जोडतात. हे एकदा स्वतः करून बघ.

शेवटी दिग्दर्शक. एडिटर किम सांग-बम आणि दिग्दर्शक पार्क चान-वूक २००० पासून सिनेमांमागून सिनेमे एकत्र दिसतात. तू आत्ताच तुझ्या वयाचा, शॉर्टफिल्म करणारा कुणीतरी गाठ. पैसे तो देणार नाही, हे गृहीत धर.