धमकीची ‘पोच’ आहे का?

प्रश्न : मुलाने आंतरजातीय लग्न केलं. सुनेचे काका दारात येऊन ‘एकेकाला बघून घेतो’ म्हणतात. ठाण्यात सांगितलं, काही हाललं नाही. थेट हायकोर्टात जाता येईल? (सातारा जिल्हा)

येईल, घटनेच्या कलम २२६ खाली रिट याचिका करून. १८ ऑगस्ट २०२५ पासून हायकोर्टाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच (खंडपीठ) सुरू असल्याने मुंबईचे हेलपाटेही वाचतील. पण न्यायमूर्ती आधी विचारतात, पोलिसांकडे अर्ज दिलात का? तोंडी सांगितलेलं तिथे दिसत नाही. अर्ज दोन प्रतींत लिहा, एका प्रतीवर ठाण्याचा शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घ्या. घेत नसतील तर तोच अर्ज पोलिस अधीक्षकांना स्पीड पोस्टाने पाठवा आणि पावती जपा. ‘जिवाला धोका आहे’ एवढ्यावर भागत नाही. माझ्या एका अशील बाईंनी लिहिलं होतं, ‘रात्री पावणेदहा, गोठ्याजवळ, हातात कोयता, शेजारच्या मावशींनी ऐकलं.’ त्या ओळीनंतर सरकारी वकिलांनी फारसा विरोधच केला नाही.

सर्वोच्च न्यायालयाने २७ मार्च २०१८ रोजी, शक्ती वाहिनी खटल्यात, अशा जोडप्यांसाठी जिल्ह्याजिल्ह्यात विशेष कक्ष नेमायला आणि सुरक्षित निवाऱ्याचा विचार करायला सांगितलं आहे. अर्जात हा निकाल नावानिशी लिहा. अधिकाऱ्याचा सूर बदलतो, हा अनुभव आहे.

प्रश्न : ॲट्रॉसिटीच्या खटल्यात आई साक्षीदार आहे. ‘साक्ष फिरव’ म्हणून घरी माणसं येतात. (बीड जिल्हा)

तुमचा रस्ता जवळचा आहे. ॲट्रॉसिटी कायद्याच्या (अनुसूचित जाती-जमातींवरील अत्याचार रोखणारा कायदा) कलम १५अ नुसार साक्षीदाराला संरक्षण देणं सरकारचं कर्तव्य आहे. खटला ज्या विशेष न्यायालयात आहे तिथेच आईच्या नावाने अर्ज द्या, वेगळी रिट नको. धमकीची तक्रार इथे तोंडी दिली तरी ठाणे अंमलदाराने नोंदवायची असते, आणि एफआयआरची प्रत लगेच, फुकट मिळते. मागून घ्या, आपणहून क्वचितच देतात.

प्रश्न : संरक्षण म्हणजे दारात बंदूकधारी? आणि वकिलाचा खर्च? (नाशिक)

बहुतेकदा बीट अंमलदाराच्या, म्हणजे तुमच्या भागाच्या पोलिसाच्या, दोन फेऱ्या आणि वहीत सही. तेही कायमचं नसतं, धोक्याचा आढावा घेऊन काढतात. म्हणून नवी धमकी आली की नवा अर्ज. महिला आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. जिल्हा न्यायालयाच्या आवारात विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय असतं. आधार कार्ड आणि त्या शिक्क्याच्या अर्जाची झेरॉक्स घेऊन जा.