लेकीला चरित्र अभिनेत्री व्हायचंय. मुंबईला पाठवू का?

ताई, तुमची लेक २१ वर्षांची, सांगलीत बी.कॉम.च्या शेवटच्या वर्षाला. नायिका नाही, तिला आई-मावशी-आत्याच्या भूमिका करायच्या आहेत, आणि मुंबईतला एक को-ऑर्डिनेटर (कलाकारांना कामं मिळवून देणारा मध्यस्थ) नावनोंदणीचे ४० हजार मागतोय, असं तुम्ही लिहिलंय. आधी त्याचंच सांगते: एक रुपयाही देऊ नका. भूमिकांसाठी कलाकार निवडणाऱ्या कास्टिंग डायरेक्टरला पैसे निर्माता देतो. को-ऑर्डिनेटरचा हक्क मिळालेल्या मानधनातल्या कमिशनवर, तोही काम झाल्यावर.

मुलीची निवड चांगली आहे, पण वय आड येणार. रीमा लागूंनी सलमान खानची आई साकारली तो चित्रपट १९८९ चा. तेव्हा त्या ३१ वर्षांच्या होत्या आणि मराठी रंगभूमीचा अनुभव गाठीशी होता. तुमच्या लेकीला सध्या मैत्रीण, नर्स, धाकटी जाऊ असंच काम मिळेल. मधली वर्षं रंगमंचावर घालवावीत, आणि त्यासाठी सांगली सोडायची घाई नको. राज्य नाट्य स्पर्धेत उतरणाऱ्या हौशी संस्था गावातच आहेत. पदवीनंतर पुणे विद्यापीठाचं ललित कला केंद्र किंवा दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम, दोन्हींसाठी प्रयत्न करावा.

कॅमेऱ्यासमोर नाटकातली मुलं अडखळतात ती कंटिन्युइटीला, म्हणजे प्रत्येक शॉटमध्ये हालचाली तशाच ठेवण्याला. मास्टर शॉटमध्ये, म्हणजे अख्खा प्रसंग दिसणाऱ्या शॉटमध्ये, ‘कधी आलीस?’मधल्या ‘कधी’वर उजव्या हातानं कप उचलला, तर क्लोज-अपमध्येही त्याच शब्दावर, त्याच हातानं उचलावा लागतो. हे चुकलं की एडिटरला शॉट जुळवता येत नाही. तो समोरच्याचा क्लोज-अप ठेवून मोकळा होतो. दुय्यम भूमिका अशीच कापली जाते, आणि बिचारीला कारणही कळत नाही. घरी एकच प्रसंग मोबाइलवर तीनदा चित्रित करून हात, नजर, थांबे ताडून बघायची सवय आत्ताच लावा.

ऑडिशनची क्लिप मागितली तर सूचना वेगळी नसल्यास मोबाइल आडवा, चौकट छातीपासून वर, मागे कोरी भिंत, तोंड खिडकीकडे, फिल्टर नको. सुरुवातीला नाव, वय, उंची, शहर आणि चेहऱ्याच्या दोन्ही बाजू. समोरचे संवाद वाचणारी व्यक्ती मोबाइलला चिकटून बसली तर तिचाच आवाज मोठा येतो. तिला दोन पावलं मागे बसवा.

आता पैशांचं. मालिकेत मानधन दिवसावर ठरतं, शिफ्ट साधारण १२ तासांची. पैसे बहुतेकदा ९० दिवसांनी येतात, १० टक्के टीडीएस कापून. म्हणजे जूनचं काम, तर रक्कम सप्टेंबर-ऑक्टोबरात. शिवाय मावशीचा ट्रॅक, म्हणजे तिच्या पात्राचा कथाभाग, मालिकेतल्या लग्नापुरताच असतो. लग्न लागलं की मावशी गावी जाते आणि मानधन थांबतं. म्हणून किमान आठ महिन्यांचं भाडं-जेवण हाताशी असल्याशिवाय मुंबईत खोली घेऊ नये. बी.कॉम. पूर्ण करायलाच हवं: मधल्या काळात हिशेबाचं अर्धवेळ काम तिला तारेल.

करार आला तर महिन्याला किमान किती दिवस, प्रवासखर्च कोणाचा, ट्रॅक संपणार असेल तर किती दिवस आधी कळवणार, हे लेखी घ्या. दुसऱ्या वाहिनीवर काम करायची बंदी आहे का, हेही नीट वाचा. महिन्याला चारच दिवस देऊन अशी बंदी घालत असतील, तर ते कलम काढून घ्यायला सांगा. ऐकलं नाही तर सही करू नका.