ठकीच्या लेझरसाठी एफडी मोडायची का?

(पत्र थोडक्यात: वडोदऱ्याच्या दांडिया बाजारातल्या ७१ वर्षांच्या निवृत्त शिक्षिका. ठकी या १३ वर्षांच्या मांजरीच्या जिभेखाली गाठ आली आहे. खासगी दवाखान्याने लेझरचा खर्च ५०,००० रुपये सांगितला. जवळ गुडघ्याच्या ऑपरेशनसाठी ठेवलेली ३ लाखांची पाच वर्षांची एफडी आहे, तिला १४ महिने झाले. मुलगा म्हणतो, मांजरावर एवढा खर्च कोण करतं?)

काकू, मुलाचं म्हणणं तूर्त बाजूला ठेवा. पैसे तुमचे, ठकी तुमची. मला काळजी वेगळीच आहे. तुमचं पत्र दोनदा वाचलं, पण त्यात बायोप्सीचा, म्हणजे गाठीचा तुकडा काढून तपासण्याचा, उल्लेख कुठे सापडला नाही.

गाठ कसली आहे हेच ठाऊक नसताना ५०,००० कशाचे? मांजरांच्या तोंडातल्या घातक गाठींत सर्वांत जास्त आढळतो तो स्क्वॅमस सेल कार्सिनोमा नावाचा कर्करोग, आणि जिभेखालची जागा ही त्याची नेहमीची. लेझर म्हणजे सुरीच्या जागी आलेलं हत्यार. कापता कापता बारीक रक्तवाहिन्या बंद होतात, रक्त कमी जातं. जिभेच्या ऑपरेशनात याचं मोल आहेच. पण गाठ खोल किंवा जबड्याच्या हाडात गेली असेल तर वरचा भाग निघतो आणि ती पुन्हा वाढते. या कर्करोगात वर्ष काढणारी मांजरं दहात एखादंही निघत नाही, बहुतेकांच्या हाती काही महिनेच असतात. उलट ती इओसिनोफिलिक ग्रॅन्युलोमा, म्हणजे कर्करोग नसलेली सुजेची गाठ, निघाली, तर औषधांवरच ओसरू शकते आणि लेझर लागणारही नाही.

म्हणून आधी बायोप्सी. आणंदच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयाचा दवाखाना तुमच्यापासून तासाभरावर आहे, तिथे दुसरं मतही घ्या. आणि त्या ५०,००० मध्ये भूल, सीटी स्कॅन, नंतर खाणं जमलं नाही तर घालावी लागणारी नळी, हे सगळं धरलंय का, ते लेखी मागा. दवाखान्यांच्या अंदाजपत्रकात हे बरेचदा मागाहून उगवतं.

आता एफडी. पावती करबचतीची तर नाही ना, ते पाहा. तसं असेल तर पाच वर्षं ती मोडताही येत नाही आणि तिच्यावर कर्जही मिळत नाही. साधी असेल तरी मोडू नका. मोडलीत तर १४ महिन्यांना लागू असलेला दर मिळेल, त्यातूनही बहुतेक बँका दंड कापतात. त्यापेक्षा तिच्यावर ओव्हरड्राफ्ट घ्या, म्हणजे ठेव तारण ठेवून गरजेपुरतं कर्ज. ठेवीच्या दरापेक्षा साधारण एक-दोन टक्के जास्त पडतात आणि ठेवीवरचं व्याज चालू राहतं. ५०,००० वर साडेआठ टक्क्यांनी सहा महिन्यांचं व्याज सव्वादोन हजारांच्या आत येतं. क्रेडिट कार्डावर थकवलंत तर त्याच्या चौपट धरा.

माझं मत विचाराल तर: गाठ साधी आणि लहान निघाली तर लेझर जरूर करा. कर्करोग निघाला तर १५,००० ची मर्यादा आजच कागदावर लिहून ठेवा आणि ते वेदनाशामकांवर, खाऊ घालण्यावर खर्च करा. रिपोर्ट हातात आल्यावर हा आकडा ठरवणं कुणालाच जमत नाही, मलाही जमलं नव्हतं. गुडघ्याचे पैसे गुडघ्यालाच राहू द्या.

प्राण्यांचा विमा आता काढून उपयोग नाही, आधीपासूनचा आजार त्यात धरत नाहीत. आयकरातली आरोग्यविम्याची सवलतही प्राण्यांना नाही.

आणि ठकीने खाणं सोडलं असेल तर बायोप्सीच्या तारखेची वाट पाहू नका. दोन-तीन दिवस उपाशी राहिलेल्या मांजराच्या यकृतात चरबी साठू लागते. दुखतंय म्हणून घरातलं पॅरासिटामॉल मात्र चुकूनही देऊ नका, मांजरांना ते विष आहे.