आजोबा म्हणायचे आपलं मूळ आडनाव वेगळं होतं. आडनावाचा खरा उगम कसा शोधायचा?

तुम्ही विचारलंय की तुमचं आडनाव वडगावकर, आजोबा मात्र सांगायचे की आपण मूळचे शिंदे. तर खरं काय आणि ते शोधायचं कसं. आजोबांचं म्हणणं सहज खरं असू शकतं. आमच्या घरातही तेच झालंय, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

माझे थोरले आजोबा गावातल्या शाळेत शिकले. त्यांच्या दाखल्यावर आडनाव जाधव. धाकटे, म्हणजे माझे सख्खे आजोबा, मामाकडे राहून शिकले. तिथल्या मास्तरांनी विचारलं, "कुठला रे तू?" पोराने गावाचं नाव सांगितलं, मास्तरांनी त्याला 'कर' जोडून लिहून टाकलं. (गावाचं नाव देत नाही, भावकी इथे वाचते.) मी ते शाळेचं जनरल रजिस्टर पाहिलंय. त्या पानावर गावातली पोरं यादव, माने, कुंभार अशी नोंदवलीत आणि बाहेरगावची तीनच आहेत, तिन्हीच्या तिन्ही 'कर'. सख्ख्या भावांची दोन आडनावं झाली ती अशी. पुढे वारस नोंदीच्या वेळी 'या दोन्ही नावांची घराणी एकच' असं प्रतिज्ञापत्र करता करता वडिलांच्या चपला झिजल्या, ते वेगळंच.

यातली मेख अशी, की 'कर' गावात राहणाऱ्याला सहसा चिकटत नाही, तो गाव सोडणाऱ्याला चिकटतो. वडगावात सगळेच वडगावचे, तिथे वडगावकर म्हणून कोणाला हाक मारणार? तेव्हा तुमचं आडनाव एवढंच सांगतं की तुमचा कोणीतरी पूर्वज वडगाव सोडून निघाला आणि जिथे पोचला तिथल्या लोकांनी त्याला हे नाव दिलं. त्याआधी तो शिंदे असायला काहीच हरकत नाही. मोठ्या घराण्यांतही हेच दिसतं. फलटणचे निंबाळकर मूळचे पवार, निंबळक गावावरून निंबाळकर झाले. होळकर होळ गावचे. दीनानाथांनी तर गोव्यातल्या मंगेशी गावावरून स्वतःहून मंगेशकर घेतलं. त्याआधी घराण्यात हर्डीकर होतं, म्हणजे एक 'कर' सोडून दुसरा.

आणि 'कर'वरून जात किंवा धर्म ओळखायला जाल तर फसाल. जुन्या हिंदी सिनेमातले हसऱ्या चेहऱ्याचे डेव्हिड आठवतात? त्यांचं पूर्ण नाव डेव्हिड अब्राहम चेऊलकर. अलिबागजवळचं चौल, त्याचं चेऊल. बेने इस्रायली ज्यू लोक कुलाबा (आताच्या रायगड) जिल्ह्यातल्या गावांत तेलाचे घाणे चालवायचे आणि शनिवारी काम बंद ठेवायचे, म्हणून गावकरी त्यांना शनवार तेली म्हणत. मुंबईत आल्यावर त्यांचीही आडनावं गावावरून पडली: किहीमकर, पेणकर, राजपूरकर. इस्रायलला गेलेल्या काही घरांनी ती तिथेही टिकवलीत.

दुसरा मोठा ढीग हुद्द्यांचा. गावाला पाटील आणि कुलकर्णी, परगण्याला देशमुख आणि देशपांडे. 'नीस'वाले सगळे लिहिणारे, कारण फारसी 'नवीस' म्हणजे लिहिणारा. चिठ्ठ्या लिहिणारा चिटणीस, फारसी कागद लिहिणारा पारसनीस. इथेही खाली मूळ आडनाव दडलेलं असतं. नाना फडणवीस आडनावाने भानू आणि पेशवे भट. आज कोणी नाना भानू म्हटलं तर चटकन लक्षातही येणार नाही. काम गेलं तरी नाव राहिलं. शाहू महाराजांनी कोल्हापुरात 1918 साली कुलकर्णी वतन बंद करून तलाठी नेमले, मुंबई राज्याने 1950 च्या कायद्याने तेच केलं, पाटीलकी 1962 च्या कायद्याने गेली. आज पाटील मराठ्यांत आहेत, आगरी-कोळ्यांत आहेत, लेवा समाजात, लिंगायत आणि जैनांतही आहेत. त्यामुळे 'आम्ही पाटील' एवढ्यावरून घराणं कळत नाही, पूर्वजाकडे काय काम होतं तेवढं कळतं.

चंद्रपूर-नांदेडकडच्या मुनगंटीवार, वडेट्टीवार यांतला 'वार' आठवड्याचा नव्हे, तेलुगूतला आदरार्थी 'वारु' आहे. शेजाऱ्याची भाषा आडनावात अशी मुरलेली असते.

आता अर्थ सांगणाऱ्या याद्यांबद्दल. त्या वाचायला मजा येते, पण विश्वास बेताने ठेवा. सातपुते म्हणजे सात पुत्रांचा, हे ठीक. पण आष्टेकर पाहून कोणी 'आठ'चा संबंध लावतो, तर ते बिचारे आष्टा गावचे असतात. मोरे दिसले की मोर आठवतो, घराण्यातले लोक मात्र मौर्यांकडे बोट दाखवतात. याच धर्तीवर जाधव म्हणजे यादव, शेलार म्हणजे शिलाहार, कदम म्हणजे कदंब असं सांगतात. यातलं जाधव भाषेच्या अंगाने मला पटतं, कारण मराठीत सुरुवातीच्या 'य'चा 'ज' झालेला जागोजाग दिसतो: योगीचा जोगी, यात्रेची जत्रा. पण शब्द यादववरून आला म्हणून आमचं घर देवगिरीच्या राजवाड्यातून निघालं असं होत नाही. राजाचं नाव त्याचे चाकरही लावतात. हे मी घरात एकदा बोललो, काकांनी दोन दिवस अबोला धरला.

शोधायचं असेल तर वडगाव कोणतं, हे आधी ठरवा. महाराष्ट्रात वडगावं ढिगाने आहेत आणि सगळं घोडं तिथेच अडतं. घरातल्या सर्वांत म्हाताऱ्या बाईला विचारा. पुरुष पराक्रम सांगतात, बायका कुलदैवत, देवक आणि लग्नसंबंध सांगतात, आणि उपयोगाचं तेच असतं. कुलदैवताला अजून कोणत्या गावाला जाता, लग्नात देवक कसलं बसतं, कोणत्या आडनावात सोयरीक चालत नाही. शिंद्यांत सोयरीक करत नसाल, तर आजोबांच्या म्हणण्याला जोर येतो.

मग कागद. पणजोबांच्या शाळेचं जनरल रजिस्टर, तहसीलमधली कोतवाल बुकं म्हणजे जन्म-मृत्यूच्या जुन्या नोंदी, जमिनीचे जुने उतारे. बरेच मोडीत असतात, तेव्हा वाचणारा गाठा. 'अमुक बिन तमुक' दिसलं तर 'बिन' म्हणजे मुलगा. आडनाव नसलं तरी त्यावरून बाप आणि आजा जुळवता येतो. आम्हाला जाधव सापडले ते असेच, आडनावाने नव्हे तर बापांच्या नावांनी. कोल्हापूर-सांगलीकडचे असाल तर गावात हेळवी येतात का विचारा. घराण्याची वंशावळ पिढ्यान्‌पिढ्या ठेवणं आणि दारात येऊन ती वाचून दाखवणं हाच त्यांचा धंदा.

आणि नाशिक किंवा त्र्यंबकेश्वरला जाणं झालं तर तीर्थोपाध्यायांकडे नामावळी पाहा. पूर्वज कधी यात्रेला आले असतील तर त्यांच्या बाडात नाव, बापाचं नाव, भावांची नावं सापडू शकतात. जाताना पणजोबांपर्यंतची नावं कागदावर लिहून न्या. आम्ही गेलो तेव्हा वडिलांनी बसल्या बसल्या आडनावाचा घोळ सांगायला घेतला. गुरुजींनी हातानेच थांबवलं आणि विचारलं, "ते राहू द्या. गाव कोणतं?"